सध्या आत कोण

भूमिका: नाही काका, तुमचा कॉम्प्युटर नाही भरला. आमच्याकडचा सर्व्हर भरला. म्हणून सकाळपासून तुमची बिलं अटकून राहिली.

गणपतराव: कोणाचं का भरलं असन, दुकान त माहं बंद पडलं न! बाहेर पाह्य. महालातलं आर्ध गिऱ्हाईक कूलरसाठी उभं हाय अन माह्या काउंटरवर मिनल हातानं बिलं लिहून राहिली. तुमच्या कंपनीले एप्रिलच सापडला का वं?

भूमिका: एप्रिलातच भरतो, कारण एप्रिलातच लोक येतात. कोणी तुमच्या साइटवर नुसता भाव पाहायला आला, तरी सर्व्हर त्याला एक टोकन देतो. त्याला आम्ही सेशन म्हणतो. अर्धं त्याच्या फोनात राहते, अर्धं आमच्या सर्व्हरवरच्या पेटीत. दोन्ही जुळले की सर्व्हर म्हणतो, हा मघाचाच माणूस, याला पुन्हा काही विचारायचं नाही.

गणपतराव: सायकल स्टँडवर देते तसं.

भूमिका: हो, तसंच.

गणपतराव: मंग स्टँडवाला गाडी गेली की टोकन वापस घेते. तुम्ही काहून नाही घेत?

भूमिका: घ्यायला पाहिजे. टोकनाला मुदत असते, मुदत संपली की पुसून टाकायचं. तुमच्या साइटला मुदतच नाही. माझ्या आधी आयुष हे काम पाहायचा, त्यानं काढून टाकली. कारण पण लिहून ठेवलं आहे. वाचू?

गणपतराव: वाच न.

भूमिका: 'कूलरवाले मालक रोज सकाळी फोन करून ओरडतात. पासवर्ड विचारू नये म्हणतात.'

गणपतराव: ओरडत नव्हतो मी! वाळ्याच्या ताट्या भिजवून हात ओले राहते. ओल्या हातानं रोज कोण टाइप करन? तेवढं समजावून सांगितलं त्याले.

भूमिका: ऑफिसात सगळ्यांना आठवते अजून ते समजावणं.

गणपतराव: हसू नको. आता काय कराचं ते सांग.

भूमिका: पेटी रिकामी करते. उद्यापासून टोकनं दुसऱ्या जागी ठेवणार, तिथं आठवडाभर कोणी वापरलं नाही की ते आपोआप जाते. तुम्हाला, मिनलला, विश्वनाथभाऊंना, सगळ्यांना उद्या एकदा नव्यानं पासवर्ड टाकावा लागेल. बस, एवढंच.

गणपतराव: मिनलच्या ध्यानात असन का पासवर्ड? तिले डब्बा आणाचं ध्यानात राहत नाही.

भूमिका: विसरली तर ओटीपी येईल. म्हणजे तुमच्याच फोनवर येईल. तुम्ही सगळ्यांच्या नावापुढे स्वतःचाच नंबर दिला आहे.

गणपतराव: दुकान माहं हाय, त नंबर कोणाचा राहीन?

भूमिका: ठीक आहे. अजून एक. स्टॉकमध्ये थोडा कचरा सापडला, जाता जाता तोही काढते. 'एसी, दीड टन, नग एक.' तुम्ही तर एसी विकतच नाही. चुकून पडला असेल.

गणपतराव: चुकून नाही पडला. मी टाकला.

भूमिका: पण गोडाऊनमध्ये...

गणपतराव: हाय. माडीवर खोका ठेवला हाय. घरी विचारलं त गिऱ्हाइकाचा हाय म्हणून सांगितलं. त्याले हात नको लावू.

भूमिका: नाही लावत. मग पेटी पुसू?

गणपतराव: सगळीच पुसशीन?

भूमिका: सगळीच.

गणपतराव: अन ते पहिल्या पानावर येते, 'सध्या आत कोण' म्हणून? नावापुढं हिरवा ठिपका राहते ते?

भूमिका: ते त्याच पेटीतून येते. ज्याचं टोकन आहे त्याचं नाव, अन हिरवा ठिपका. पुसलं की पान रिकामं दिसेल. उद्या ज्यानं पासवर्ड टाकला, त्याचं नाव पुन्हा येईल.

गणपतराव: थांब मंग. विश्वनाथ, दोन चहा सांग गा! चहा घेतल्याबिगर कोणाले जाऊ देत नाही आम्ही.

भूमिका: काका, मी मघाशीच घेतला. तुमच्यासमोर.

गणपतराव: मंग उद्या पूस.

भूमिका: उद्यापर्यंत बिलं बंदच राहतील. तुम्हीच म्हणून राहिले न, अर्धं महाल उभं आहे म्हणून?

गणपतराव: म्हणलं. पण एक राहू दे न. एकाचं टोकन राहू दे, बाकी सारे पूस. तुमचा सर्व्हर काही एका टोकनानं फुटत नाही.

भूमिका: कोणाचं?

गणपतराव: जितेंद्र.

भूमिका: हा कोण? स्टाफच्या यादीत आहे, पण मी इथं कधी पाहिला नाही.

गणपतराव: इथं नाही राहत. रायपूरले राहते. पोरगा हाय माहा.

भूमिका: रायपूरवरून दुकान पाहतो?

गणपतराव: पाहते न! हे पाह्य, ठिपका. सकाळी शटर उघडलं की मी पयले हे पान उघडतो, मंग अगरबत्ती. पोराच्या नावापुढं रोज हिरवा. सणाले हिरवा, रविवारी हिरवा. दुकानाचं नाव काढत नाही तो कोणापाशी, पण पाहते.

भूमिका: तुम्हाला सांगितलं त्यानं?

गणपतराव: माह्यासंग बोलत नाही तो. आईले फोन करते दर रविवारी. काय जेवली, गुडघा कसा हाय, अन ठेवते. दुकानाचं तो विचारत नाही, आई सांगत नाही. मी तिथंच बसून राहतो बाजूले, मले देऊ का असं बी कोणी म्हणत नाही.

भूमिका: भांडण झालं होतं?

गणपतराव: परसाली. एसी बसवाचा कोर्स केला त्यानं. म्हणे बाबा, बेस्याले दुसरं दुकान टाकू, एसीचं. तिकडं सारे फ्लॅटवाले, कूलर कोणी घेत नाही. मी म्हणलं, माह्या बापानं नागपूरले कूलरची हवा खाऊ घातली, तू मले एसी शिकवू नको. वाढत गेलं. ऐन गर्दीत, गिऱ्हाइकायसमोर, मी म्हणलं, शटरची चावी ठेव इथं अन जा कुठं जाचं त. त्यानं ठेवली. इथंच, तुह्या लॅपटॉपपाशी.

भूमिका: अन लॉगिन?

गणपतराव: ते मागाचं सुचलंच नाही मले.

भूमिका: म्हणून तो एसी टाकला स्टॉकमध्ये. त्यानं पाहावा म्हणून.

गणपतराव: तू आपलं काम कर न वं.

भूमिका: कामच करून राहिली. काका, एक सांगू? राग नका मानू. हे पान नीट पाहा. त्याच्या खाली कोणाचं नाव आहे?

गणपतराव: कवडू.

भूमिका: हिरवा आहे.

गणपतराव: हाव, राहते तो बी.

भूमिका: कवडूकाका दिवाळीत गेले न? मिनलनं सांगितलं मला. कूलरच्या बॉडीला सोल्डर करायचे ते.

गणपतराव: त्याचा फोन त्याच्या पोराजवळ असन. ते पोरगं पाहत असन.

भूमिका: तुम्हाला खरंच असं वाटते?

गणपतराव: वाटाले काय जाते!

भूमिका: कोणीच नाही पाहून राहिलं काका. त्यांनी कधीतरी एकदा लॉगिन केलं, टोकन मिळालं, अन मुदत नाही म्हणून ते अजून पेटीत पडून आहे. ठिपक्याचा अर्थ एवढाच, की हा माणूस कधी बाहेर पडला नाही. तो आत बसून पाहून राहिला, असा नाही होत त्याचा अर्थ.

गणपतराव: म्हणजे जितेंद्रचा बी...

भूमिका: मला माहीत नाही.

गणपतराव: पाह्य न त्याच्यात! एवढं मोठं मशीन हाय तुमचं. शेवटी कधी पाहिलं त्यानं, ते सांग.

भूमिका: नाही सांगता येत. टोकन कधी दिलं तेवढं लिहिलेलं आहे. रोज वापरलं का, ते आमची पेटी लिहीत नाही. तसं बनवलंच नव्हतं. तो रोज सकाळी पाहत असेल, नाहीतर गेला त्या दिवसापासून एकदाही पाहिलं नसेल. इथून दोन्ही सारखंच दिसते.

गणपतराव: लय बेकार बनवलं.

भूमिका: हो. बेकारच आहे.

गणपतराव: अन मी वर्षभर अगरबत्तीच्या आंधी हे पाहून राहिलो.

भूमिका: काका, एक टोकन वाचवता येते. जितेंद्रची एक ओळ उचलून मी नव्या पेटीत टाकू शकते, मुदत न लावता. पाच मिनिटांचं काम आहे, ऑफिसात प्रेमानंद सरांना सांगायचीही गरज नाही. पण मग तो ठिपका हिरवाच राहील. तो असला तरी, नसला तरी. तुम्हाला पाहिजे असेल तर करून देते.

गणपतराव: अन पुसलं त?

भूमिका: पुसलं, अन तो पाहत असला, तर त्याला दार बंद दिसेल. पासवर्ड विचारेल. आत यायचं असेल तर टाकेल.

गणपतराव: अन नसन पाहत, त कधीच दिसणार नाही.

भूमिका: नाही दिसणार.

गणपतराव: तुले बाप हाय का वं?

भूमिका: आहेत. बेस्याला राहतो आम्ही. बाबा रोज फोन करून विचारतात, कुठं पोचली. मी रोज चिडते.

गणपतराव: चिडत जाऊ नको. म्हातारे माणसं मूर्ख राहते थोडे.

भूमिका: मग, ओळ उचलू का?

गणपतराव: नको. पूस.

भूमिका: नक्की?

गणपतराव: पूस म्हणलं न! कवडूचं बी पूस. त्याचं खातंच बंद कर. मेल्या माणसाले किती दिवस ड्यूटीवर ठेवाचं? अन हात चालव लवकर, गिऱ्हाईक खोळंबलं हाय.

(दुसऱ्या दिवशी दुपारी. दुकानामागच्या खोलीत गणपतराव जेवायला बसले आहेत. रुख्मिणी वाढते आहे.)

रुख्मिणी: भाजी थंडी होऊन राहिली अन तुम्ही आपले फोनच पाहून राहिले. काय हाय त्याच्यात?

गणपतराव: तीन नावं हायेत. मी, मिनल, विश्वनाथ.

रुख्मिणी: मंग? तिघंच त हाय दुकानात.

गणपतराव: हाव. तिघंच.

रुख्मिणी: वरण वाढू?

गणपतराव: नको.

रुख्मिणी: सकाळी बी चहा तसाच ठेवला. ऊन लागलं का तुमाले? कूलरच्या दुकानात बसून माणसाले ऊन लागते म्हणजे हद झाली बाप्पा!

गणपतराव: काही लागलं नाही मले.

रुख्मिणी: पाहा, वाजला तुमचा फोन. द्या इकडं, तुमचा हात खरकटा हाय. 'पासवर्ड बदलण्यासाठी आपला ओटीपी...' अन आकडे हायेत. 'हा क्रमांक कोणालाही सांगू नका.' तुम्ही मागितला का हे?

गणपतराव: मी नाही मागितला. मिनल विसरली असन.

रुख्मिणी: मिनल त सकाळपासून बिलं छापून राहिली, तो आवाज येऊन राहिला न! आत गेल्याबिगर छापन का ते?

गणपतराव: विश्वनाथ?

रुख्मिणी: आता तुम्हीच म्हणले, तिघंही आत हाय म्हणून.

गणपतराव: त्या पोरीले लाव फोन. भूमिकाले. अन स्पीकरवर ठेव.

भूमिका: बोला काका. बिलं चालू आहेत न?

गणपतराव: चालू हायेत. एक ओटीपी आला वं माह्यावर. कोणं मागितला?

भूमिका: मेसेजमध्ये नाव नसते. थांबा, इकडून पाहते. हं. सकाळी दुकान उघडायच्या वेळेला एकदा पासवर्ड चुकला आहे. मग पुन्हा चुकला. मधे बराच वेळ काही नाही. आत्ता पुन्हा चुकला, अन मग ओटीपी मागितला.

गणपतराव: कोणं?

भूमिका: जितेंद्र.

रुख्मिणी: आमचा जितू? तो काहून घुसून राहिला दुकानाच्या कॉम्प्युटरात?

गणपतराव: चूप न वं जराशी.

रुख्मिणी: काहून चूप? माह्यासंग दर रविवारी बोलते तो! दुकानाचं कधी एका शब्दानं विचारलं नाही.

गणपतराव: तुले काहून विचारन? त्याले सारं दिसत होतं. काल हिनं पुसलं, म्हणून दार लागलं त्याचं.

भूमिका: काका, तो ओटीपी दहा मिनिटं चालतो. मग मरतो.

गणपतराव: मंग काय कराचं? त्याले कसं समजन की तो माह्याकडं आला म्हणून? तो बसला असन आपल्या फोनाकडं पाहत.

भूमिका: नाही. नंबरचे शेवटचे आकडे त्याच्या स्क्रीनवर दिसतात. तुमचा नंबर तो ओळखेल न?

रुख्मिणी: लहानपणापासून पाठ हाय त्याले. शाळेत हरवला होता तवा तोच सांगितला होता त्यानं.

गणपतराव: मंग आता नाही मागणार तो. माहा नंबर पाहून बंद करून ठेवून देईन.

रुख्मिणी: अवो, पुन्हा वाजला. दुसरे आकडे आले.

गणपतराव: पुन्हा?

भूमिका: हो. दुसऱ्यांदा मागितला. पहिल्यांदा त्याला माहीत नसेल, काका. दुसऱ्यांदा माहीत होतं.

गणपतराव: हं.

भूमिका: मी ठेवते फोन. काही अटकलं तर सांगा.

रुख्मिणी: पाहत काय बसले? लावा न फोन त्याले.

गणपतराव: त्यानं लावाले पाहिजे. काम त्याचं हाय.

रुख्मिणी: त्यानं लावला न. दोनदा लावला. आता किती वेळ लावन?

गणपतराव: मी काय बोलू त्याच्यासंग? मी चावी मागितली होती त्याले, चारचौघायसमोर.

रुख्मिणी: मागितली होती त आता द्या. आकडे हायेत हातात, तेवढे वाचा. दुसरं काही बोलता येत नाही तुमाले, हे त्याले बी माहीत हाय.

गणपतराव: लाव तूच. नको, दे इकडं. मी लावतो.

रुख्मिणी: हात त पुसा!

गणपतराव: राहू दे. वाजून राहिला... हॅलो. लिहून घे.

जितेंद्र: बाबा?

गणपतराव: लिहून घे पयले. टाइम जाते त्याचा. आठ. शून्य. तीन.

रुख्मिणी: अवो, त्याच्यात लिहिलं हाय, कोणाले सांगू नका म्हणून.

गणपतराव: कोणाले कुठं सांगून राहिलो वं. जितू हाय. घेतलं का गा? आठ, शून्य, तीन. मंग पाच. पाच. एक.

जितेंद्र: घेतलं. टाकून राहिलो. थांबा... हं. उघडलं.

गणपतराव: दिसून राहिलं सारं?

जितेंद्र: दिसून राहिलं. बिलं लय झाली आज.

गणपतराव: ऊन हाय न. तिकडं बी असन.

जितेंद्र: हाव, इकडं बी हाय. बाबा...

गणपतराव: बोल.

जितेंद्र: तो एसी अजून एकच दाखवून राहिला. होळीपासून तसाच हाय.

गणपतराव: कसा विकन? इथं कोणाले बसवता येत नाही त्याले.